हौशी रेडिओचे लॉगबुक स्प्रेडशीटमध्ये कसे ठेवावे

हौशी रेडिओवर दोन स्थानके एकमेकांशी बोलतात तेव्हा त्या संपर्काची नोंद दोन वेगवेगळ्या वह्यांत होते. या दोन नोंदी एकमेकींशी जुळल्या, तरच तो संपर्क पुढे पुरस्काराच्या अर्जात किंवा स्पर्धेच्या निकालात ग्राह्य धरला जातो. लॉगबुक स्प्रेडशीटमध्ये ठेवायचे ठरवल्यास ही गोष्ट सुरुवातीलाच मनाशी पक्की करावी. स्प्रेडशीट हे मुळात हिशेबाचे साधन आहे. त्यात टाकलेला मजकूर आकडा, तारीख किंवा सूत्र असावा असे गृहीत धरून ते त्याचे रूप परस्पर बदलते. लॉगमधील नोंद मात्र जशी ऐकली तशीच राहायला हवी. म्हणून पुढील सगळी मांडणी एका नियमावर उभी आहे: मूळ नोंदीचे पान निव्वळ मजकुराचे असावे, आणि मोजणी, तपासणी व रूपांतर ही कामे दुसऱ्या पानांवर करावीत.

भारतात हौशी रेडिओचा परवाना दूरसंचार विभागाच्या वायरलेस प्लॅनिंग अँड कोऑर्डिनेशन शाखेकडून, म्हणजेच डब्ल्यूपीसीकडून मिळतो, आणि १९७८ च्या हौशी सेवा नियमांनी लॉग ठेवण्याची जबाबदारी परवानाधारकावर टाकलेली आहे. त्या नियमांत सुट्या पानांच्या नव्हे, तर बांधीव वहीचा उल्लेख असल्यामुळे स्प्रेडशीट सुरू केली म्हणून वही बंद करू नये. आपल्या परवान्यासोबत आलेल्या अटी एकदा नीट वाचाव्यात आणि वही हा मूळ दस्तऐवज, तर स्प्रेडशीट ही त्याची शोधण्याजोगी व पाठवण्याजोगी प्रत, असे नाते ठेवावे. दोन्ही ठिकाणी लिहिण्याचे श्रम वाटतात तेवढे नसतात. शिवाय वहीतून स्प्रेडशीटमध्ये उतरवताना प्रत्येक नोंद आपोआप एकदा तपासलीही जाते.

लॉगिंगसाठी लॉगफोरओएम किंवा एनवनएमएम यांसारखी मोफत सॉफ्टवेअरे उपलब्ध असताना स्प्रेडशीट का वापरावी, हा प्रश्न रास्त आहे. स्पर्धेत तासाला शंभर संपर्क करणाऱ्याने किंवा रोज रात्रभर एफटी८ ही संगणकाद्वारे चालणारी डिजिटल पद्धत वापरणाऱ्याने तयार सॉफ्टवेअरच वापरावे, असे माझे स्पष्ट मत आहे; तिथे स्प्रेडशीट हा हट्ट ठरतो. मात्र सकाळी नेटवर, म्हणजे ठरलेल्या वेळी अनेक स्थानके रेडिओवर एकत्र येतात त्या बैठकीत, हजेरी लावणाऱ्या, रविवारी गडावर किंवा टेकडीवर छोटा संच घेऊन जाणाऱ्या आणि आपल्या संपर्कांकडे स्वतःच्या पद्धतीने पाहू इच्छिणाऱ्या हॅमसाठी, म्हणजे हौशी रेडिओचालकासाठी, स्प्रेडशीट फार चांगली आहे. तिचा प्रत्येक स्तंभ आपण ठरवलेला असतो आणि आत काय साठवले आहे ते उघड दिसते. एखादे सॉफ्टवेअर उद्या बंद पडले तरी नोंदी अडकून पडत नाहीत.

या लेखात कॉलसाइन (स्थानकाचे ओळखचिन्ह), आकडे व क्षेत्रांची (फील्डची) नावे देवनागरीत दिली आहेत, परंतु प्रत्यक्ष तक्त्यात ती सर्व रोमन मोठ्या अक्षरांत आणि इंग्रजी अंकांतच लिहावीत, कारण ज्या यंत्रणांना हा लॉग पुढे पाठवायचा आहे त्यांना तेवढेच वाचता येते.

आता पहिले पान तयार करावे आणि त्याला लॉग असे नाव द्यावे. डावीकडून पहिला स्तंभ अनुक्रमांकाचा असावा. तो अनेकांना अनावश्यक वाटतो, पण त्याचे खरे काम पुढे कळते. कधी तरी आपण तक्ता कॉलसाइननुसार किंवा देशानुसार लावून पाहतो, आणि मग मूळ क्रम परत मिळवायचा असतो. अनुक्रमांक असेल तर तो एका क्लिकमध्ये मिळतो. त्यानंतर यूटीसी (जागतिक प्रमाणवेळ) तारीख, यूटीसी वेळ, समोरच्या स्थानकाचे कॉलसाइन, बँड (वारंवारतांचा पट्टा), वारंवारता, मोड (आवाज, मोर्स यांसारखा प्रसारणाचा प्रकार), पाठवलेला अहवाल (संकेत कसा ऐकू आला ते सांगणारा आकडा), मिळालेला अहवाल, नाव, गाव, समोरच्याचा ग्रिड लोकेटर (नकाशावरील चौकटीचा संकेत), देश, आपले कॉलसाइन, आपला ग्रिड लोकेटर, आपली शक्ती वॅटमध्ये, क्यूएसएलचे, म्हणजे संपर्काच्या पुष्टीचे स्तंभ आणि शेवटी शेरा, असा क्रम सोयीचा पडतो. संपर्क चालू असताना जे लिहावेच लागते ते डावीकडे आणि जे सवडीने भरता येते ते उजवीकडे, एवढेच या क्रमाचे तर्कशास्त्र आहे. पहिली ओळ शीर्षकांची ठेवून ती गोठवावी, म्हणजे पान कितीही खाली सरकवले तरी स्तंभांची नावे समोर राहतात. दोन पेशी जोडून एक करण्याचा मोह मात्र कटाक्षाने टाळावा. जोडलेल्या पेशी असलेला तक्ता धड क्रमाने लावता येत नाही आणि गाळूनही पाहता येत नाही.

एकही नोंद टाकण्यापूर्वी अनुक्रमांक वगळता सर्व स्तंभ निवडून त्यांचे स्वरूप मजकूर असे ठरवावे. हे आधीच करायला हवे, कारण नंतर केल्याने हरवलेले परत येत नाही. वेळ ०७३० अशी लिहिली आणि स्तंभ साधा असला, तर स्प्रेडशीट तिला सातशे तीस हा आकडा समजते आणि पुढचे शून्य गळून पडते. मध्यरात्रीनंतरची ०००५ ही वेळ तर नुसती ५ होऊन बसते. अहवाल ५-९ असा आडव्या रेषेसह लिहिला की त्याची तारीख होते. एफटी८ वरचा +०३ हा अहवाल आपले अधिकचिन्ह गमावतो आणि स्पर्धेतील ००१ हा क्रमांक नुसता १ उरतो. स्वरूप मजकूर ठेवल्यावर अशा पेशींच्या कोपऱ्यात एक छोटा हिरवा त्रिकोण दिसतो आणि हा आकडा मजकूर म्हणून साठवला आहे, अशी सूचना मिळते. ती सूचना दुर्लक्षित करावी. तिच्यातील आकड्यात रूपांतर करण्याचा पर्याय निवडला, तर आपण टाळलेले सर्व नुकसान एका क्षणात होते.

तारीख आठ अंकी लिहावी: आधी वर्ष, मग महिना, मग दिवस, मध्ये कोणतेही चिन्ह नाही, म्हणजे १५ ऑगस्ट २०२४ ही तारीख २०२४०८१५ अशी. भारतात आपण दिवस आधी लिहितो, अमेरिकेत महिना आधी लिहितात, आणि ०३/०४ ही तारीख कोणती हे संगणकाच्या प्रादेशिक सेटिंगवर अवलंबून राहते. आठ अंकी पद्धतीत हा प्रश्न उरतच नाही. वेळ चार अंकी लिहावी. या पद्धतीचा आणखी एक लाभ असा की मजकूर म्हणून वर्णक्रमाने लावले तरी नोंदी काळाच्या क्रमानेच लागतात, आणि पुढे निर्यात करताना तारीख व वेळ जशीच्या तशी वापरता येते.

वेळेबाबत थोडे थांबून बोलणे आवश्यक आहे, कारण भारतीय लॉगमधील सर्वांत महागडी चूक इथेच होते. जगभरातील हौशी स्थानके यूटीसी वापरतात आणि भारतीय प्रमाणवेळ तिच्या साडेपाच तास पुढे आहे. आपल्या घड्याळात पहाटे साडेपाचला यूटीसीचा दिवस बदलतो. म्हणजे १६ तारखेच्या पहाटे ५ वाजून १० मिनिटांनी झालेला संपर्क १५ तारखेला २३४० वाजता असा नोंदवायचा असतो आणि त्याच बैठकीत वीस मिनिटांनंतर झालेला संपर्क १६ तारखेला ०००० वाजता. नेमक्या याच वेळी, सूर्योदयाच्या आसपास, ४० मीटर बँडवर दूरची स्थानके चांगली ऐकू येतात, त्यामुळे तारीख बदलण्याचा हा क्षण ऐन बहरातल्या बैठकीच्या मधोमध येतो. स्थानिक वेळेतून यूटीसी तोंडी काढणारा मनुष्य तास बरोबर वजा करतो आणि तारीख मात्र आजचीच लिहितो.

यावर सर्वांत खात्रीचा उपाय म्हणजे रेडिओशेजारी यूटीसीवर लावलेले चोवीस तासी घड्याळ ठेवणे आणि नोंदीच्या वेळी स्थानिक वेळेचा विचारच न करणे. विंडोजमध्ये तारीख व वेळेच्या सेटिंगमधून जादा घड्याळ जोडता येते आणि ते पडद्याच्या कोपऱ्यातील वेळेवर क्लिक केल्यावर दिसते. चालू वेळ टाकण्यासाठी नाऊ हे फंक्शन कधीही वापरू नये, कारण तक्ता पुन्हा मोजला गेला की ते फंक्शन असलेल्या सर्व पेशींची वेळ बदलून आत्ताची होते. अशा लॉगमध्ये सगळे संपर्क शेवटी एकाच क्षणी झालेले दिसतात. जुन्या वहीत स्थानिक वेळ असेल आणि ती उतरवायची असेल, तर वेगळ्या पानावर तारीख व वेळ यांची खरी बेरीज करून तीतून साडेपाच तास वजा करावेत. आठ अंकी मजकुरातून डावीकडचे चार, मधले दोन व उजवीकडचे दोन अंक काढून डेट फंक्शनला द्यावेत, चार अंकी वेळेचे दोन भाग टाइम फंक्शनला द्यावेत, दोन्हींची बेरीज करावी आणि तीतून ५, ३०, ० हे आकडे दिलेले टाइम फंक्शन वजा करावे. स्प्रेडशीट एक दिवस म्हणजे १ आणि वेळ म्हणजे त्याचा अपूर्णांक असे मोजत असल्याने या वजाबाकीत तारीखही आपोआप मागे जाते. नुसत्या वेळेतून वजाबाकी केली तर मात्र पहाटेच्या नोंदींचे उत्तर ऋण येते आणि पेशीत # या चिन्हांची रांग दिसू लागते. आलेले उत्तर टेक्स्ट फंक्शनने पुन्हा आठ अंकी तारखेत व चार अंकी वेळेत बदलून, केवळ मूल्ये म्हणून लॉगच्या पानावर चिकटवावे.

कॉलसाइनच्या स्तंभात सर्वाधिक काळजी हवी, कारण इथे एका अक्षराचा फरक म्हणजे वेगळे स्थानक. शून्य आणि ओ या अक्षराची गल्लत ही नेहमीची अडचण आहे. आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकाचे आरएस०आयएसएस हे कॉलसाइन पाहावे. त्यातील तिसरे चिन्ह शून्य आहे आणि तिथे ओ हे अक्षर टंकले तर पडद्यावर दोन्ही जवळजवळ सारखेच दिसतात, पण शोधताना ती नोंद सापडत नाही. म्हणून या स्तंभाला असा फॉन्ट द्यावा ज्यात शून्याला तिरपी रेघ किंवा मध्ये ठिपका असतो. कॉन्सोलास हा त्यांपैकी सहज मिळणारा आहे. कॉलसाइननंतर चुकून पडलेली मोकळी जागा डोळ्यांना दिसत नाही, परंतु तुलना करताना ती एक अक्षर म्हणून मोजली जाते. डेटा व्हॅलिडेशनमध्ये सानुकूल सूत्र देऊन, पेशीतील मजकूर हा ट्रिम व अप्पर या फंक्शनांतून काढलेल्या मजकुराशी एक्झॅक्ट फंक्शनने तंतोतंत जुळतो का, एवढे तपासायला सांगावे. लहान अक्षरे किंवा कडेची मोकळी जागा असलेली नोंद मग स्वीकारलीच जात नाही. समोरच्याने पोर्टेबल किंवा मोबाइल अशी जोड दिली असेल, तर तिरक्या रेषेसह ती जशी प्रसारित झाली तशीच लिहावी, कारण त्याच्याही लॉगमध्ये ती तशीच असते.

बँड व मोड यांसाठी याद्या नावाचे वेगळे पान करून त्यावरून निवडसूची द्यावी. ४० मीटर बँड कधी ४०एम, कधी ४० मी., कधी ७ मेगाहर्ट्झ असा लिहिला गेला, तर मोजणीत तो तीन वेगवेगळे बँड म्हणून येतो. वारंवारता नेहमी मेगाहर्ट्झमध्येच लिहावी; एका ओळीत ७.१०० आणि दुसरीत ७१०० असे झाले की त्या स्तंभाचा काहीच उपयोग राहत नाही. वारंवारतेवरून बँड आपोआप काढायचा असल्यास प्रत्येक बँडची खालची व वरची मर्यादा याद्यांच्या पानावर चढत्या क्रमाने लिहावी: आपल्याकडे ४० मीटरसाठी ७.००० ते ७.२००, २० मीटरसाठी १४.००० ते १४.३५०, १५ मीटरसाठी २१.००० ते २१.४५०, २ मीटरसाठी १४४ ते १४६. त्यावर व्हीलुकअप फंक्शन अंदाजे जुळणीच्या पर्यायाने चालवावे. हे फंक्शन फक्त खालची मर्यादा पाहते आणि ७.९०० लाही ४० मीटरच म्हणते, त्यामुळे आलेल्या बँडची वरची मर्यादाही तपासून, वारंवारता तिच्याबाहेर असेल तर पेशी लाल करणारे स्वरूपण लावावे. टंकलेखनातली चूक यातून लगेच ध्यानात येते.

अहवालाविषयी फार सांगण्यासारखे नाही: आवाजी संपर्कात दोन अंक, मोर्समध्ये तीन, आणि एफटी८ सारख्या मोडमध्ये डेसिबलमधील अधिक किंवा उणे आकडा. समोरच्याने प्रत्यक्ष दिलेला अहवालच लिहावा. सवयीने सगळीकडे ५९ भरलेला लॉग पाहून आपल्या अँटेनाबद्दल पुढे काहीच शिकता येत नाही.

आपले कॉलसाइन व आपला ग्रिड लोकेटर हे दोन स्तंभ प्रत्येक ओळीत भरावेत, हा आग्रह भारतीय हॅमने विशेष धरावा. आपल्याकडे रिस्ट्रिक्टेड श्रेणीचे कॉलसाइन व्हीयू३ ने आणि जनरल श्रेणीचे व्हीयू२ ने सुरू होते, त्यामुळे वरच्या श्रेणीची परीक्षा उत्तीर्ण होऊन परवाना बदलला की कॉलसाइनही बदलते. दोन्ही काळांतील संपर्क एकाच तक्त्यात राहावेत आणि तरीही कोणता संपर्क कोणत्या कॉलसाइनने झाला हे निःसंदिग्ध असावे, यासाठी हा स्तंभ लागतो. ग्रिड लोकेटरचेही तसेच आहे. या पद्धतीत पृथ्वीवर रेखांशाचे २ अंश आणि अक्षांशाचा १ अंश अशा चौकटी आखलेल्या आहेत आणि आपल्या भागात त्या वाटतात त्यापेक्षा लवकर बदलतात. पुणे शहर आणि मुंबईतील कुलाबा दोन्ही एमके६८ मध्ये येतात, अंधेरी मात्र एमके६९ मध्ये; पुण्याहून उरुळी कांचनपर्यंत गेले की एमके७८ लागते. पणजी एमके६५ मध्ये, कोल्हापूर एमके७६ मध्ये आणि नागपूर एमएल९१ मध्ये आहे. नाशिक तर २० अंश अक्षांशाच्या रेषेवरच वसले असल्याने तिथे एमके६९ की एमएल६० हे गल्ली पाहूनच ठरवावे लागते.

लोकेटर स्प्रेडशीटमध्येच काढता येतो आणि ते करून पाहण्यात मोठा आनंद आहे. रेखांशात १८० मिळवावेत आणि अक्षांशात ९०. पुण्यासाठी २५३.८६ आणि १०८.५२ हे आकडे मिळतात. पहिल्याला २० ने व दुसऱ्याला १० ने भागून पूर्णांक घेतला की १२ व १० येतात. शून्यापासून मोजत गेल्यास रोमन वर्णमालेतील ती अक्षरे एम आणि के. उरलेल्या १३.८६ ला २ ने भागून ६, आणि उरलेल्या ८.५२ चा पूर्णांक ८. इंट, मॉड व कॅर या तीन फंक्शनांत हे सर्व बसते. पुढची दोन अक्षरेही याच रीतीने, प्रत्येक चौकटीचे दोन्ही दिशांनी चोवीस-चोवीस भाग करून काढता येतात.

देशाचा स्तंभ कॉलसाइनच्या सुरुवातीवरून आपोआप भरण्याचा प्रयत्न पुष्कळजण करतात. ढोबळ मानाने ते जमते, पण पुरस्कारांच्या हिशेबात ते फसवे आहे. अमेरिकेत हवाईचे कॉलसाइन घेतलेला हॅम मुख्य भूमीवर राहायला गेला तरी तेच कॉलसाइन ठेवू शकतो. आपल्याच देशात अंदमान-निकोबारचे व्हीयू४ आणि लक्षद्वीपचे व्हीयू७ डीएक्ससीसी या, वेगवेगळ्या देशांशी केलेल्या संपर्कांबद्दलच्या पुरस्कारासाठी भारताहून स्वतंत्र घटक मानले जातात. म्हणून सूत्राने सुचवलेला देश शेजारच्या स्तंभात दिसू द्यावा आणि खरा देश हाताने लिहावा.

रिपीटरमार्फत, म्हणजे संकेत पकडून पुन्हा प्रसारित करणाऱ्या मधल्या केंद्रामार्फत, झालेल्या संपर्कात रिपीटरचे नाव शेऱ्यात न टाकता वेगळ्या स्तंभात लिहावे, कारण बहुतेक पुरस्कारांना असे संपर्क चालत नाहीत आणि पुढे ते गाळून काढावे लागतात. भारतातून दिसणाऱ्या क्यूओ-१०० सारख्या उपग्रहावरून संपर्क करणाऱ्यांनी वर जाणारी व खाली येणारी वारंवारता, प्रसारणाचा प्रकार आणि उपग्रहाचे नाव असे चार स्तंभ वाढवावेत. क्यूएसएलसाठी कार्ड पाठवले, कार्ड मिळाले, ऑनलाइन नोंद पाठवली आणि तिची पुष्टी मिळाली, असे चार स्तंभ पुरतात. त्यांत होय, नाही व मागितले यांसाठी अनुक्रमे वाय, एन व आर ही रोमन अक्षरे वापरावीत, कारण पुढे सांगितलेल्या प्रमाणित स्वरूपातही तीच आहेत.

तपासणीसाठी तिसरे पान करावे आणि त्यात सर्वांत वर एकच पेशी नव्या कॉलसाइनसाठी मोकळी ठेवावी. तिच्याखाली काउंटइफ्स फंक्शनने ते कॉलसाइन लॉगमध्ये एकूण किती वेळा आले आणि त्याच बँडवर व त्याच मोडमध्ये किती वेळा आले, हे दाखवावे. एक्सेलच्या नव्या आवृत्त्यांत असलेले एक्सलुकअप फंक्शन शेवटाकडून शोधण्याच्या पर्यायाने वापरले, तर त्या स्थानकाशी झालेल्या अगदी अलीकडच्या संपर्कातील नाव, गाव व शेरा लगेच समोर येतो. पलीकडून कॉलसाइन ऐकू येताच माणसाला नावाने हाक मारता येणे आणि मागच्या वेळी त्याने उभारायला घेतलेल्या अँटेनाची चौकशी करता येणे, यासाठीच मला स्वतःला स्प्रेडशीट प्रिय आहे. ही सूत्रे लॉगच्या प्रत्येक ओळीत लावू नयेत. हजारो ओळींवर प्रत्येकी हजारो ओळी शोधणारी सूत्रे बसवली की फाइल जड होते आणि ऐन संपर्कात अडखळते. देश व बँड यांचा तक्ता पाहायचा असल्यास पिव्होट टेबल करावे.

यानंतर निर्यात. हौशी रेडिओत लॉगची देवाणघेवाण एडीआयएफ या खुल्या स्वरूपात होते. ते साधा मजकूरच असते: प्रत्येक क्षेत्रासाठी कोनी कंसात क्षेत्राचे इंग्रजी नाव, अपूर्णविराम आणि त्यातील मजकुराची अक्षरसंख्या लिहायची, कंस बंद करायचा आणि लगेच मजकूर लिहायचा. अमेरिकेतील एआरआरएल या हौशी रेडिओ संघटनेच्या मुख्यालयाचे डब्ल्यू१एडब्ल्यू हे कॉलसाइन रोमन लिपीत चार अक्षरी असल्याने कॉल या क्षेत्रनामापुढे ४ हा आकडा येतो. ही संख्या हाताने मोजायची नसते; लेन फंक्शन ती देते. चौथ्या पानावर, लॉगमधील प्रत्येक ओळीसाठी एकाच पेशीत, अँडच्या चिन्हाने सर्व तुकडे जोडून ही ओळ तयार करावी आणि शेवटी कोनी कंसात ईओआर ही नोंद संपल्याची खूण घालावी. रिकाम्या क्षेत्राचा तुकडा इफ फंक्शनने गाळावा. तयार झालेला स्तंभ नोटपॅडमध्ये चिकटवून फाइलला एडीआय हा विस्तार दिला की काम झाले. फाइलचे पहिलेच चिन्ह उघडणारा कोनी कंस असेल तर तिला शीर्षकभाग नाही असे मानले जाते, त्यामुळे शीर्षक नसले तरी अडत नाही.

इथे तीन गोष्टी जपाव्यात. सिंगल साइडबँड या आवाजी प्रसारणपद्धतीसाठी मोड या क्षेत्रात एसएसबी लिहावे आणि वरचा की खालचा पट्टा हे उपमोडमध्ये; त्याचप्रमाणे एफटी८ हा स्वतंत्र मोड आहे, पण एफटी४ हा एमएफएसके या मोडचा उपमोड मानला जातो, आणि याद्यांच्या पानावर ही जोडी आधीच मांडून ठेवलेली बरी. शेऱ्यात पेशीच्या आत नवी ओळ घेऊ नये, नाहीतर चिकटवताना त्याभोवती अवतरणचिन्हे येतात. तिसरी गोष्ट मराठी माणसाच्या जिव्हाळ्याची: एडीआय फाइलच्या नेहमीच्या क्षेत्रांत फक्त साधी रोमन अक्षरे चालतात, म्हणून नाव व गाव रोमन लिपीत एका स्तंभात आणि देवनागरीत दुसऱ्या स्तंभात ठेवावे. निर्यातीत पहिला स्तंभ जातो. दुसरा आपल्यासाठी राहतो. आपल्या माणसांची नावे आपल्या लिपीत, अचूक ऱ्हस्वदीर्घासह लिहिण्याची सोय स्प्रेडशीटमध्ये आहे, तर ती सोडू नये.

एआरआरएलची लॉगबुक ऑफ द वर्ल्ड ही संपर्कांची ऑनलाइन पुष्टी करणारी सेवा २००३ मध्ये सुरू झाली. तिथे लॉग पाठवताना टीक्यूएसएल या सॉफ्टवेअरने त्यावर आपली डिजिटल सही होते आणि प्रत्येक कॉलसाइनसाठी स्वतंत्र प्रमाणपत्र घ्यावे लागते. दोन्ही बाजूंची कॉलसाइने, बँड व मोड जुळले आणि दोघांच्या वेळांत ३० मिनिटांपेक्षा जास्त अंतर नसले, तर संपर्काची पुष्टी होते. समोरच्याचे घड्याळ पाच मिनिटे पुढे असले तर काही बिघडत नाही. साडेपाच तासांची किंवा एका तारखेची चूक मात्र त्या संपर्काला कधीच पुष्टी मिळू देत नाही. पहिल्यांदा पाठवताना सगळा लॉग न पाठवता थोड्याच नोंदींची फाइल पाठवून निकाल पाहावा.

उलट दिशेने आणायच्या नोंदींबाबतही सावधगिरी हवी. जो टेलर व स्टीव्ह फ्रँके यांनी २०१७ मध्ये आणलेल्या एफटी८ साठी बहुसंख्य हॅम डब्ल्यूएसजेटी-एक्स वापरतात. हे सॉफ्टवेअर एडीआयएफ फाइलबरोबरच स्वल्पविरामांनी विभागलेली एक साधी मजकूर फाइलही लिहिते आणि ती स्प्रेडशीटमध्ये घेता येते. अशी फाइल, किंवा कोणतीही सीएसव्ही फाइल, दोनदा क्लिक करून उघडू नये. एक्सेलमध्ये डेटा मेनूतील मजकूर फाइलमधून आयात करण्याचा मार्ग घ्यावा आणि प्रत्येक स्तंभाचा प्रकार मजकूर असा निवडावा. लिबरऑफिस तर उघडतानाच हा प्रश्न विचारते. थेट उघडून जतन केलेल्या फाइलमध्ये वेळांची शून्ये गेलेली असतात आणि देवनागरी नावांच्या जागी निरर्थक चिन्हे येऊ शकतात.

डोंगरावर लॅपटॉप नेण्यापेक्षा कागद न्यावा. वाऱ्यात, उन्हात आणि एका हातात मायक्रोफोन असताना पेन्सिल व पुठ्ठ्याला लावलेले कागद यांना तोड नाही. कागदावर स्प्रेडशीटच्याच क्रमाने रकाने छापून घ्यावेत, पानांना क्रमांक द्यावेत आणि त्याच संध्याकाळी नोंदी उतरवून घ्याव्यात, कारण अर्धवट लिहिलेले कॉलसाइन दुसऱ्या दिवशी स्वतःलाही वाचता येत नाही. तक्त्यात कागदाच्या पानाचा क्रमांक लिहिणारा एक स्तंभ ठेवला, तर शंका आल्यास मूळ हस्ताक्षर पाहता येते.

आपत्तीच्या काळातील लॉग वेगळ्या पानावर ठेवावा. डिसेंबर २००४ मध्ये भारतीय हॅम्सचे एक पथक अंदमानात दूरच्या स्थानकांशी संपर्क करण्याच्या मोहिमेवर असतानाच त्सुनामी आली आणि तीच स्थानके निरोपांची ये-जा करू लागली. अशा वेळी अहवाल व लोकेटर गौण ठरतात. निरोपाचा क्रमांक, कोणाकडून, कोणासाठी, शब्दशः मजकूर, मिळाल्याची वेळ, पुढे पोहोचवल्याची वेळ आणि कोणाच्या हाती दिला, हे स्तंभ लागतात. या पानावर स्थानिक वेळ व यूटीसी दोन्ही लिहाव्यात, कारण तिथे लॉग वाचणारे अधिकारी व नातेवाईक हॅम नसतात. हे कोरे पान आजच तयार करून, छापून, संचाच्या पिशवीत ठेवावे.

शेवटी जतन. लॉगची फाइल एका वेळी एकाच ठिकाणी संपादित करावी. फोनवर एक आणि लॅपटॉपवर दुसरी अशा दोन जिवंत प्रती झाल्या की त्यांचा मेळ घालणे अवघड जाते. प्रत्येक बैठकीनंतर फाइलची नक्कल नावात आठ अंकी तारीख घालून दुसऱ्या डिस्कवर ठेवावी आणि महिन्यातून एकदा एडीआय फाइल काढून ती घराबाहेर, म्हणजे क्लाउडवर किंवा विश्वासू मित्राकडे पाठवावी. ज्या प्रती इतरांना द्यायच्या त्यांतून पत्ते व दूरध्वनी क्रमांक काढून टाकावेत. ते समोरच्याने आपल्याला विश्वासाने सांगितलेले असतात. नवे वर्ष लागले म्हणून नवी फाइल सुरू करू नये, सर्व वर्षे एकाच तक्त्यात खाली खाली वाढू द्यावीत. क्रमाने लावण्याआधी एकच स्तंभ नव्हे तर पूर्ण तक्ता निवडला आहे याची प्रत्येक वेळी खात्री करावी. केवळ कॉलसाइनचा स्तंभ क्रमाने लावला गेला तर प्रत्येक संपर्क दुसऱ्याच्या नावावर जातो. अशी फाइल जतन होऊन गेली असल्यास कालची तारीख असलेली नक्कल उघडावी आणि आजच्या नोंदी वहीतून पुन्हा उतरवाव्यात.